पाच चालतील, एक नाही

तोयोसुच्या कालव्याकडेने कीन्मोकुसेईची झुडपं लावलेली आहेत. कुंपणासाठी छाटलेली, धुळकट, वर्षभर कुणी वळून न बघणारी. ऑक्टोबर लागला की एका सकाळी स्टेशनकडे जाताना अचानक वास येतो. पिकल्या जर्दाळूसारखा, जरा जास्तच गोड. थांबून बघावं तर पानांच्या बेचक्यांत नारिंगी फुलांचे बारीक झुबके दिसतात. पुढची माणसंही क्षणभर थबकतात, मान वळवतात आणि गाडी चुकायला नको म्हणून पुन्हा चालू लागतात.

हा वास आला की इथल्या लोकांना थंडीचे कपडे बाहेर काढायची आठवण होते. मला मात्र स्टीलच्या ताटात छर्रे ओतल्याचा आवाज ऐकू येतो.

काल तो वास आला.

इथे जपानात सबागे नावाचा खेळ आहे. बँकेत, विम्यात, गोदामांच्या ऑफिसांत आठवडाभर मान खाली घालून काम करणारी माणसं सुट्टीच्या दिवशी चिबाच्या रानात जातात. डोळ्यांवर जाड गॉगल, तोंडाला जाळी, हातात हुबेहूब खऱ्यासारखी पण बॅटरीवर चालणारी खेळण्यातली रायफल. तिच्यातून साबुदाण्याहून जरा मोठे पांढरे छर्रे सुटतात. दोन्ही बाजूंना एकेक झेंडा, झेंड्याशी एक भोंगा. समोरच्यांचा भोंगा जो दाबेल त्याची बाजू जिंकली. छर्रा लागला तर ज्याला लागला त्यानेच हात वर करायचा, 'हित्तो!' म्हणून ओरडायचं आणि मैदानाबाहेर यायचं. पंच नसतो. मी हा खेळ कधी खेळलो नाही, पण पंच नसूनही तो चालतो या एका गोष्टीसाठी मला तो आवडतो.

खेळते माझी बायको, मृणाल. माझ्या नोकरीमुळे ती इथे आली, सुरुवातीला कोंबिनीत, म्हणजे दिवसरात्र उघड्या असणाऱ्या दुकानात, काउंटरवर बाइतो, म्हणजे तासांवरची नोकरी केली, मग जिद्दीने जपानी शिकून एका मालवाहतुकीच्या ऑफिसात लागली. त्या ऑफिसच्या संघात ती एकटी भारतीय आणि एकटी बाई. तिने एक जुनी रायफल वापरलेल्या मालाच्या दुकानातून घेतली होती. रायफल उत्तम होती, पण तिच्याबरोबर मॅगझिन एकच आलं. मॅगझिन म्हणजे छर्रे भरायची पेटी, रायफलीच्या पोटाखाली खटकन बसते ती. मूळ कंपनीने ते मॉडेल बंद केलेलं, त्यामुळे तसं दुसरं मिळेना. संघातल्या इतरांची हिच्या रायफलीत बसेनात. सत्तर छर्रे संपले की मृणालचा खेळ संपला. म्हणून संघाचे कप्तान ताकेउची-सान तिला आपल्या झेंड्याच्या राखणीला ठेवत. दोन मोसम ती झेंड्यापाशी उकिडवी बसून बांबूच्या बेटाकडे बघत होती. तिकडून कधी कुणी आलं नाही.

"त्या बांबूंची मला आता नावं पाठ आहेत," ती म्हणायची.

मी आठवतोय तो मोसम तिसरा. ताकेउची-सानची नव्या वर्षात कोबेला बदली होणार होती. तिथल्या शाखेत सबागे खेळणारं कुणी नव्हतं आणि त्यांच्यामागे इथे संघ टिकेल याची कुणाला खात्री नव्हती. म्हणजे पुढे धावायची मृणालला हीच एक संधी. तेव्हा तिने दुसऱ्याच कुठल्यातरी कंपनीने बनवलेली सहा स्वस्त मॅगझिनं मागवली. खोक्यावर कंपनीचं नाव नीट छापलेलंसुद्धा नव्हतं.

ताकेउची-सानना तिने फोटो दाखवला. त्यांनी दातांतून हवा आत ओढली. जपानी माणसाने दातांतून हवा ओढली की पुढचं वाक्य ऐकायची गरज नसते, तरी ते म्हणाले, "मृणाल-सान, हे जरा... पुढच्या फळीत कुणाची रायफल अडली की मागचे चौघं जातात. मी स्वतः अनुभवलंय." मग तिचा चेहरा बघून त्यांनी पुस्ती जोडली, "तुमचे मिस्टर सॉफ्टवेअर तपासतात ना? त्यांनी तपासून सांगितलं तर मी ऐकेन."

अशी ती सहा मॅगझिनं माझ्या पदरात पडली.

वीस-बावीस वर्षं मी दुसऱ्यांनी केलेल्या गोष्टी तपासतोय. त्यातून एक कळलंय, की वस्तू हातात घेण्याआधी 'चांगली' म्हणजे काय ते ठरवून ठेवावं. हातात घेतल्यावर ठरवलं तर माणूस आपल्याला हवं तेच ठरवतो. इंटरनेटवर या मॅगझिनांबद्दल शोधलं होतं. एकाने पाच तारे दिलेले, कारण 'पार्सल वेळेवर आलं'. दुसऱ्याने एक तारा देऊन लिहिलेलं, 'फेकून द्या'. दोघांनीही किती छर्रे झाडले ते लिहिलं नव्हतं.

मी माझे नियम केले. खटकन बसलं पाहिजे आणि हलवल्यावर डुगडुगायला नको. काठोकाठ भरून रात्रभर ठेवायचं, कारण स्प्रिंग दाबून राहिली की तिचा खरा स्वभाव कळतो. मग तीनदा भरून तीनदा रिकामं करायचं, मध्ये एकदाही अडता कामा नये. कमरेइतक्या उंचीवरून जमिनीवर टाकायचं आणि पुन्हा झाडायचं. मूळ कंपनीच्या मॅगझिनमध्ये शेवटचे दोन छर्रे तोंडाच्या खिट्टीपाशी उरतात, ते बाहेर येतच नाहीत. तेव्हा स्वस्तातल्यातही दोन उरलेले चालतील, तिसरा नाही. प्रत्येकाला मी पांढऱ्या पट्टीवर मराठी आकडा चिकटवला, एक ते सहा.

त्या वेळी आई आमच्याकडे तीन महिन्यांसाठी आली होती, चिंचवडहून. हॉलमध्ये तांदळाचं मोठं खोकं आडवं ठेवून, आत जुने टॉवेल लोंबते टांगून मी नेम धरायची जागा केली. घरातल्या प्रत्येकाने गॉगल लावायचा हा नियम आईलाही लागू होता.

"मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर असाच दिला होता," ती म्हणाली. "पण तेव्हा घरात गोळीबार नव्हता."

पहिली चाचणी त्या शनिवारी झाली. ज्यांनी ही रायफल ऐकली नाही त्यांना सांगतो, छर्रा सुटताना टक्क असा भरीव आवाज येतो. पेटीतून छर्रा वर आला नाही तरी मोटर फिरतेच, पण मग आवाज पोकळ येतो, रिकाम्या डब्यावर टिचकी मारल्यासारखा. एक नंबर निम्म्यात पोकळ झालं. तीन नंबरही. चारने दहा-बारा छर्रे सोडले आणि गप्प बसलं. पाच नंबरची तऱ्हा सर्वांत वाईट. दोन भरीव, तीन पोकळ, एक भरीव, पुन्हा पोकळ. जुनाट खोकल्यासारखं. सहाच्या सहा नापास.

मृणालने गॉगल कपाळावर सरकवला आणि तिथेच फरशीवर बसली.

"म्हणजे यंदाही बांबूच," ती म्हणाली.

पण मला एक गोष्ट खुपत होती. सहा वस्तू एकाच साच्यातून आल्या आणि वाईट निघाल्या, तर सगळ्या एकाच तऱ्हेने वाईट निघायला हव्यात. ही सहा सहा तऱ्हांनी अडत होती. म्हणून मी तिचं मूळचं मॅगझिन घेतलं, ज्याने दोन मोसमांत एकदाही दगा दिला नव्हता, आणि त्याच बाटलीतले छर्रे भरून झाडलं.

वीस भरीव. मग पोकळ.

"अरे, हे पण बिघडलं!" मृणाल किंचाळली.

आणि मला इतका आनंद झाला की मी उठून उभाच राहिलो. ज्याच्याशी तुलना करायची तेच अडलं, तर दोष सहांचा नाही. स्वयंपाकघरातून आईचं स्टीलचं ताट आणलं, त्यात बाटलीतले छर्रे ओतले. तो आवाज अजून कानात आहे, गारा पडल्यासारखा. ताट जरा कलतं केलं. निम्मे छर्रे सरसर धावत खालच्या काठाला गेले. उरलेले जागच्या जागी डुलत राहिले, काही अर्ध्यात थांबले. उचलून उजेडात धरले तर चमक गेलेली आणि एकाला चक्क सुताचा धागा.

"ते होय? मी धुतले," आई म्हणाली.

झालं होतं असं. आदल्या आठवड्यात सराव म्हणून खोक्यात झाडलेले छर्रे मी एका वेगळ्या बाटलीत गोळा करून चपलांच्या कपाटावर ठेवले होते. टाकले नव्हते, कारण ते जळणाऱ्या कचऱ्यात जातात की न जळणाऱ्या, हे मला ठरवता येत नव्हतं. हे छर्रे मातीत विरघळून जाणाऱ्या जातीचे असतात. पिशवीवर तसं लिहिलेलं, पण कचऱ्याचं काय ते लिहिलेलं नाही. वॉर्डाच्या तक्त्यात नाव नाही. इमारतीच्या व्यवस्थापकांना विचारलं तर त्यांनीही दातांतून हवा ओढली. खात्री होईपर्यंत बाटली तिथेच राहणार होती.

"एका बाटलीत स्वच्छ, एका बाटलीत कळकट," आई सांगत होती. "म्हटलं, सुनेला नोकरीतून वेळ कुठे मिळतो. साबणाच्या पाण्यात घातले, पंच्यावर पसरून गॅलरीत वाळवले आणि सगळे एकत्र केले. पायाखाली आलेलं तसंच परत भरायचं का?"

मृणाल हसायला लागली ती थांबेचना. "आई, धुतलेत तेवढ्यावर भागलं. चवळी समजून उसळ केली नाहीत."

"उसळीला फुगायला लागतात ते."

"फुगलेच आहेत," मी म्हणालो.

खरंच फुगले होते. केसभर, पण पेटीच्या बोळात केसभर पुष्कळ होतं. पाण्याने फुगलेले छर्रे नव्यांत मिसळून आम्ही सहा निरपराध मॅगझिनांना दोषी ठरवलं होतं.

त्या मोसमाचा विचार करताना मला नेहमी त्यानंतरचा रविवार आधी आठवतो. बाहेर स्वच्छ ऊन, कालव्यावरून एक रिकामी बोट जातेय, गॅलरीचं दार किलकिलं आणि त्यातून कीन्मोकुसेईचा वास आत येतोय, अठराव्या मजल्यावर. तो एवढा वर कसा आला असेल हे मला आजही सांगता येणार नाही. नवी पिशवी फोडलेली. स्प्रिंगवर सिलिकॉनचं तेल. आई गॉगल लावून सोफ्यावर, हातात भोपळ्याच्या बिया. टक्क टक्क टक्क टक्क. एक नंबर पूर्ण. शेवटी उरलेले दोन. तीन पूर्ण, चार पूर्ण. पाच नंबरला मी उगाचच जास्त छळलं. दोनदा टाकलं, चारदा रिकामं केलं. त्याने एकदाही खोकला काढला नाही. सहा पूर्ण.

दोन नंबर तेवढं नापास झालं. झाडताना ठीक, पण त्याच्या तोंडाची खिट्टी सैल होती. रायफलीतून काढून हलवलं की छर्रे भुरुभुरु सांडत. धावताना खिशातच निम्मं रिकामं झालं असतं.

"खिट्टी जरा वाकवून बघ ना," मृणाल म्हणाली.

"वाकवतो. पण मग ते तपासलेलं राहणार नाही. वाकवलेली खिट्टी किती दिवस टिकते ते मला माहीत नाही."

"त्यांना सहाच्या सहा चांगली म्हणून सांगितलं तर काय होईल? मी दोन नंबर वापरणारच नाही. नवरा म्हणून सांग."

"नवरा म्हणून विचारशील तर सहाही चांगली आहेत."

तिने माझ्याकडे बघितलं. मग पट्टीवरच्या दोन या आकड्यावर लाल नेलपॉलिशची फुली मारली आणि फुंकर घालून वाळवली.

मैदानावर मी तिच्याबरोबर गेलो. स्टेशनवरून व्हॅन, मग भातकापणी झालेली खाचरं, नारिंगी फळांनी लगडलेली पर्सिमनची झाडं, सुगीच्या धुराचा वास. ताकेउची-साननी सगळ्यांसमोर मला विचारलं नाही. बाजूला, चहाच्या यंत्रापाशी नेलं.

"देवधर-सान, दाइजोबु?"

सगळं ठीक ना, एवढाच प्रश्न. उत्तरात नुसती मान हलवली तरी पुरतं. मी म्हणालो, "पाच दाइजोबु. एक नाही." आणि मग सगळं सांगितलं, धुतलेल्या छर्ऱ्यांसकट, पाच नंबर पहिल्या खेपेला किती वाईट वागलं होतं त्यासकट. साबणाच्या पाण्याचं ऐकून ते हसले नाहीत. गंभीरपणे म्हणाले, "तुमच्या आईंना माझा नमस्कार सांगा." मग वळून संघाला हाक मारली, "मृणाल-सान पुढे. डावीकडून."

सकाळी एका डावात तिच्या पाठीवरच्या पट्ट्याला छर्रा लागला. कुणाला दिसलं नव्हतं, मारणाऱ्यालासुद्धा नाही. तिने हात वर केला, "हित्तो!" आणि बाहेर आली. कुणीतरी म्हणालं, कळलं नसतं. ती म्हणाली, "मला कळलं ना." दुपारी तिने इथली गोडसर करी आणि भात दोनदा घेतला. "हिच्यात गूळ घालतात की काय," असं पुटपुटत दोनदा घेतला.

शेवटचा डाव साडेतीनच्या उन्हात सुरू झाला. मी जाळीच्या बाहेर, प्रेक्षकांच्या जागी. तिथून झाडांशिवाय काही दिसत नाही, पण ऐकू सगळं येतं. दोन आठवडे हॉलमध्ये बसल्यावर ती रायफल मला गर्दीतही ओळखू येत होती. डावीकडे टक्क टक्क. थांबली. नवं मॅगझिन बसल्याचा खटका. पुन्हा टक्क टक्क. ती मॅगझिनं कोणत्या क्रमाने वापरणार होती ते मला माहीत होतं. आधी मूळचं, मग एक, तीन, चार, सहा. "सगळ्यांत जास्त बोलणी खाल्लेलं शेवटी," असं तिने पाचबद्दल ठरवलं होतं.

उजवीकडून एकामागून एक 'हित्तो' येऊ लागले आणि त्यांतला एक आवाज ताकेउची-सानचा. ते हात वर करून बाहेर आले, मुखवटा काढला, माझ्या शेजारी उभे राहिले. घामाने निथळत होते. डावीकडे आता आमच्या बाजूने एकटी मृणाल उरली होती.

"कितवं चालू आहे?" त्यांनी विचारलं.

"सहा." खटका झाला. "आता पाच."

"तेच? जे पहिल्या वेळी...?"

"तेच."

टक्क टक्क टक्क. पलीकडे कुणीतरी "हित्तो!" ओरडलं. टक्क टक्क. पळत्या पावलांचा, सुक्या पानांचा आवाज. टक्क टक्क टक्क टक्क. आणखी एक "हित्तो!", अगदी दूर, त्यांच्या झेंड्याच्या बाजूला.

मग एक पोकळ आवाज. रिकाम्या डब्यावर टिचकी.

ताकेउची-साननी माझ्याकडे बघितलं. छर्रे संपले असतील किंवा अडले असतील. बाहेरून दोन्ही सारखंच ऐकू येतं. मला सांगता येईना आणि सांगता येत नसताना मी सांगत नाही. पानांचा आवाज तेवढा थांबला नव्हता. ती पळत होती, हातात काही नसल्यासारखी.

आणि भोंगा वाजला. बैलाच्या हंबरण्यासारखा लांबलचक, ती बोट काढेचना त्याच्यावरून. रानातून, जाळीपलीकडून, चहाच्या यंत्रापाशी बसलेल्या आधीच बाद झालेल्या लोकांमधून ओरडा उठला. ताकेउची-सान, जे ऑफिसात कुणाच्या खांद्याला हात लावत नाहीत, त्यांनी माझ्या पाठीत असा रट्टा घातला की माझा चष्मा खाली पडला. मी ओरडत होतो हे मला नंतर लोकांनी सांगितलं. मराठीत ओरडत होतो म्हणे.

ती बाहेर आली तेव्हा गुडघ्यापर्यंत चिखल, केसांत बांबूचं पान. तिने रायफल वर धरली आणि म्हणाली, "त्यांच्याकडेही बांबू आहेत. अगदी आपल्यासारखेच."

निघताना ताकेउची-साननी मला विचारलं, "दोन नंबर आणलंय?"

आणलं होतं, पिशवीच्या तळाशी. त्यांनी ते हातात घेतलं, लाल फुलीवरून अंगठा फिरवला. "हे मला द्याल? पाच चांगली आहेत असं कुणीही सांगितलं असतं. यामुळे मी ते खरं मानलं."

ते आता कोबेत त्यांच्या टेबलावर असतं. दर ऑक्टोबरला फोटो येतो. नव्या माणसांना ते २ हा आकडा वाचायला शिकवतात. संघ टिकला. कप्तान आता मृणाल आहे आणि आजच सकाळी दोन नवी मुलं कुठलीतरी स्वस्त मॅगझिनं घेऊन आमच्या दारात उभी होती. ती माझ्या पुढ्यात मांडलेली आहेत. आकडे चिकटवून झालेत, भरून रात्रभर ठेवायची आहेत.

पण त्या दिवशीचं एक राहिलं. परत येताना पूर्ण प्रवासात मला तो पोकळ आवाज सुटत नव्हता. मृणाल खिडकीला डोकं टेकून झोपली होती. पाच नंबर तिच्या जॅकेटच्या खिशात होतं आणि झोपलेल्या माणसाच्या खिशात मी हात घालत नाही. तोयोसुला उतरलो, कालव्याकाठचा तो गोड वास, मग लिफ्ट. आईने दार उघडलं.

"काय झालं?"

"जिंकलो," मृणाल म्हणाली. मग माझ्याकडे बघून हसली. "पण याचा चेहरा बघा. आई, तुमचं ताट द्या जरा."

आईने ताट आणून जेवणाच्या टेबलावर ठेवलं. मृणालने खिशातून पाच नंबर काढलं, उलटं धरलं आणि अंगठ्याने खिट्टी दाबली.

टण्ण. टण्ण.

आम्ही तिघंही वाकून बघत राहिलो. तिसरा पडला नाही.